कुदर्नाचा कावळा

“गोत्र?” दत्तूगुरुजींनी विचारलं.

मी आलेनाकडे पाहिलं, आलेनाने माझ्याकडे पाहिलं. हरिपूरच्या संगमावर, फाल्गुनातल्या उन्हात, ती प्रागची बाई पाटावर मांडी घालून बसली होती. अंगावर माझी पांढरी सुती साडी, मीच नेसवलेली आणि दर थोड्या वेळाने सुटणारी. समोर गुरुजी, हातात पळी, आणि तोंडात तिच्या बापाच्या गोत्राचा प्रश्न.

“गुरुजी, तो युरोपातला होता,” मी म्हटलं.

“असेना का, वहिनी. माणूस होता ना? मग गोत्र लागतं. माहीत नसेल तर काश्यप.”

अशा रीतीने ओल्ड्रिच कुदर्ना, ज्याच्या कथा-कादंबऱ्यांवर आठ सिनेमे निघाले, जो जन्माने कॅथलिक, मताने नास्तिक आणि सवयीने अट्टल बिअरबाज होता, तो मेल्यानंतर काश्यप गोत्री झाला. त्याला हे कळलं असतं तर तो मांड्यांवर थापा मारून हसला असता. कळलंही असेल. त्या जागी काही सांगता येत नाही.

गोष्ट शहाण्णव सालची. मी तेव्हा सांगलीतली एकुलती एक चेक जाणणारी बाई होते, आणि आजही आहे, कारण त्या जागेसाठी कुणी अर्ज केलेला नाही. आमच्या यांना कंपनीने डिझेल इंजिनांच्या प्रशिक्षणासाठी बर्नोला धाडलं होतं. हे कारखान्यात आणि मी भाजीवालीकडे. चार वर्षांत हे इंजिनं शिकले आणि मी भाषा. परत आल्यावर कुदर्नाची दोन पुस्तकं मराठीत केली. त्यांच्या बऱ्याचशा प्रती अजून आमच्या माळ्यावर सुखरूप आहेत.

पण पुस्तकं कोण वाचतो? सांगलीला कुदर्ना माहीत झाला तो आमच्या फिल्म सोसायटीमुळे. तगारे वकील तिचे अध्यक्ष. वकिली यथातथाच, पण कुदर्नावर बोलायला उभे राहिले की कोर्टालाही हेवा वाटावा. चेक वकिलातीकडून त्याच्या सिनेमांच्या पेट्या मागवायच्या, आधी तासभर बोलायचं, मग सिनेमा दाखवायचा, मग परत बोलायचं. छप्पन्न-सत्तावन्न टाळकी, त्यातली निम्मी चहासाठी आलेली. ‘शेवटाचा नकार’ नावाची एक पुस्तिकाही वकिलांनी छापली होती. तिचा विषय असा, की कुदर्ना स्वतःचा कुठलाही सिनेमा शेवटपर्यंत पाहत नाही. शेवट यायच्या आत उठतो आणि चालता होतो.

हे खरंच होतं, जगजाहीर होतं, आणि त्याला कारण होतं.

त्याची एक कादंबरी आहे. बटाटे चुलीवर ठेवून एक माणूस मीठ आणायला बाहेर पडतो आणि परत येत नाही. घरात बायको, लहान मुलगी. बटाटे शिजतात, गार होतात, कादंबरी संपते. तिच्यावर सिनेमा काढला त्याच्या जिवलग दोस्ताने, व्होयता ह्रुश्काने. पण तिथल्या वरच्या साहेबांना लोकांनी असं घर सोडून गेलेलं आवडत नसे. उद्या देश सोडून जायची सवय लागायची. मग व्होयताने काय केलं, तर तो माणूस परत आणला. दारावर टकटक, मुलगी दार उघडते, बाप मिठाची पुडी पुढे करतो, समाप्त. सिनेमा पास झाला, गाजला, बक्षिसं मिळाली.

ती दार उघडणारी मुलगी म्हणजे कुदर्नाची सात वर्षांची आलेना. आणि सिनेमा पुरा होईपर्यंत कुदर्नाची बायको मुलीला घेऊन व्होयताकडे राहायला गेली होती. म्हणजे पुस्तकात नवरा घर सोडतो, पडद्यावर परत येतो आणि प्रत्यक्षात बायकोच बोचकं उचलते. पटकथेत बदल करायचा म्हणजे माणसाने किती करावा.

तेव्हापासून कुदर्ना व्होयताशी एक शब्द बोलला नाही, आणि स्वतःच्या सिनेमाचा शेवट बघायला थांबला नाही.

आता हा माणूस हरिपूरला काश्यप गोत्री व्हायला आलाच का, तर त्याचाही दोष माझ्याकडे जातो. दहा वर्षांपूर्वी तो कसल्याशा शिष्टमंडळातून मुंबईला आला होता. वकिलांनी त्याला तिथून जवळजवळ उचलूनच सांगलीला आणला. संध्याकाळी सिनेमा झाला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्याला संगम दाखवायला नेलं. तिथे कुणाचा तरी दहावा चालला होता आणि कावळा पिंडाला शिवत नव्हता. कुदर्ना हलेना. कावळा न शिवणं म्हणजे मेलेल्याची काहीतरी इच्छा राहिली, हे मी सांगितल्यावर तर त्याने तिथेच बैठक मारली. शेवटी त्या घरची सून पुढे झाली आणि म्हणाली, “आत्याबाई, पाटल्या मोडल्या नाहीत, कपाटात आहेत.” कावळा आला.

कुदर्ना वेडा व्हायचा बाकी राहिला. “आमच्याकडे मेलेल्या लेखकाला काय म्हणायचं होतं ते समीक्षक सांगतात,” तो मला म्हणाला. “तुमच्याकडे निदान पक्षी तरी सांगतो.”

तर आता तो मेला होता, आणि त्याच्या निम्म्या अस्थी कॉफीच्या डब्यात घालून आलेना माझ्या दारात उभी होती. चांगली छत्तीस वर्षांची, उंच, बापासारखंच रुंद कपाळ. आदल्या दिवशी माझ्या टेबलाशी दडपे पोहे चिवडत तिने सगळं सांगितलं.

“मी लहानपणापासून व्होयताला बाबा म्हणते,” ती म्हणाली. “खऱ्या बापाला नुसतं ओल्दा. ओल्दा महिन्यातून एकदा मला भेटायचा, प्राणिसंग्रहालयात न्यायचा, माकडांवर विनोद करायचा. त्या सिनेमाबद्दल कधी अवाक्षर काढलं नाही. दवाखान्यात शेवटी मीच विचारलं. म्हटलं, ओल्दा, तुझा शेवट बदलला त्यात मी उभी होते. ते दार मी उघडलं. त्याचा राग आहे का तुला माझ्यावर?”

“मग काय म्हणाला?”

“म्हणाला, सांगलीला जा आणि कावळ्याला विचार. आणि हसायला लागला. हसता हसता खोकला आला, मग नर्स आली, मग मला बाहेर काढलं. दुसऱ्या दिवशी गेला.”

ती रडली नाही, पोहे मात्र तिने तसेच ठेवले. “मला माहीत आहे ती थट्टा होती,” ती म्हणाली. “पण त्याने दुसरं काही उत्तरच दिलं नाही हो. मी काय करू?”

मेल्याने मरतानाही पोरीशी धड बोलू नये, याचा मला असा संताप आला की समोर असता तर दोन शब्द सुनावले असते. आणि त्याच वेळी माझ्या जिभेच्या टोकावर एक गोष्ट आली होती. ती मी गिळली. शब्द दिला होता मी कुणाला तरी, आणि मला वाटलं, बघू, कावळा आपलं काम करील.

तर कावळा.

अस्थी पाण्यात सोडल्या, पिंड मांडले. दहावा उलटून महिना झाला होता, पण गुरुजींनी “अस्थी गावात पोचल्या तिथून धरू” म्हणून मार्ग काढला. मुलीने क्रिया करायला त्यांची हरकत नव्हती. हरकत होती तगारे वकिलांना. मानसपुत्र या नात्याने आपणच बसावं अशी त्यांची तयारी होती, धोतरही नेसून आले होते. मी म्हटलं, “वकीलसाहेब, औरस मुलगी विमानाने आली आहे.” तेव्हा ते मागे सरले.

आवडीची वस्तू म्हणून सोसायटीचे चिटणीस शशी फाटक यांनी बिअरची बाटली आणली होती, वर्तमानपत्रात गुंडाळून. गुरुजींनी तिच्याकडे पाहिलं, नदीकडे पाहिलं आणि म्हणाले, “ठेवा. पण लेबल तिकडे करा.”

आम्ही सगळे मागे सरून उभे राहिलो. समोर उंबरावर कावळे मुबलक होते. एकालाही भूक नव्हती.

पंधरा मिनिटं गेली, अर्धा तास गेला. गुरुजी म्हणाले, “काहीतरी राहिलंय त्यांचं. बोला कुणीतरी.”

बोला म्हटल्यावर वकील थांबतात होय? हात जोडून पुढे झाले. “कुदर्नासाहेब, आपल्या आठही चित्रपटांचा महोत्सव येत्या दिवाळीनंतर भरवू. उद्घाटनाचं भाषण मी स्वतः करीन.” यावर जवळच्या फांदीवरचा कावळा उडाला आणि लांबच्या फांदीवर जाऊन बसला.

“वकीलसाहेब, भाषणाचं मागे घ्या,” फाटक म्हणाले.

मग फाटकांनी सोसायटीच्या कचेरीत तसबीर लावायचं कबूल केलं. मी पुस्तकाची नवी आवृत्ती काढायचं कबूल केलं, माळ्यावरचा ढीग डोळ्यांसमोर असताना. गुरुजींनी स्वतः होऊन “आणखी बिअर हवी का?” विचारून पाहिलं. कावळे आपले चोची पुसत बसले होते. एक कुत्रं मात्र फार आस्थेने जवळ आलं, त्याला फाटकांनी हाकललं.

आता आलेनाने पदर कमरेला खोचला आणि एकटीच पिंडाजवळ गेली. तिचं चेक माझ्याशिवाय कुणाला कळणार नव्हतं.

“ओल्दा,” ती उंबराकडे बघून म्हणाली, “मी सात वर्षांची होते. व्होयता म्हणाला दार उघड, मी उघडलं. बाहेर मिठाची पुडी घेऊन तो नट उभा होता आणि मला वाटलं होतं तू असशील. मला कुणी सांगितलं नव्हतं की नट असणार आहे. त्या सिनेमात मी जी हसले ना, ती त्याच्यासाठी नाही हसले. तुला एवढं तरी माहीत आहे का?”

कावळा आला नाही. बाई उन्हात उभी, चेहरा लाल, आणि वर ते काळे ढिम्म. मला ते बघवेना.

गुरुजी अनुभवी. त्यांनी तोवर दर्भाच्या काड्या पिळून गाठ मारून एक छोटा कावळा केला होता. “वहिनी, बाईंना सांगा. खरा येत नसेल तर हा शिवायचा. शास्त्रात सोय आहे. झालं म्हणजे झालं, काही दोष नाही.”

मी सांगितलं. आलेनाने तो गवताचा कावळा हातात घेऊन बघितला आणि परत गुरुजींच्या ताटात ठेवला.

“नाही,” ती म्हणाली. “म्हणजे हाही खोटा शेवट. जन्मभर त्याच्या गोष्टींना लोकांनी खोटे शेवट चिकटवले. मीही एक चिकटवला. आता त्याच्या मरणालाही चिकटवू? मी थांबेन.”

“किती वेळ?” फाटकांनी विचारलं. त्यांना साखर होती, आणि डबा गाडीत होता.

मी तिचं म्हणणं मराठीत सगळ्यांना सांगितलं. ‘शेवटाचा नकार’ या पुस्तिकेच्या लेखकाने डोक्यावर उपरणं ओढलं, घसा साफ केला आणि मला बाजूला घेतलं. “नलूताई, तत्त्व आपल्या जागी बरोबरच आहे हो. पण ऊन बघा. गवताचा काय वाईट आहे? दिसायला तर हुबेहूब आहे.”

मला हसू आलं नाही. एरवी आठवडाभर पुरलं असतं. मी आलेनाकडे बघत होते. ती थांबणार होती, संध्याकाळपर्यंत, उद्यापर्यंत, आणि कावळा नाही आला तर ती जन्मभर समजणार होती की बापाने नाही म्हटलं. एका उंडग्या पाखराच्या पोटात जागा नाही म्हणून.

आणि मला तर माहीत होतं.

पण शब्द दिला होता. मेलेल्या माणसाला दिलेला शब्द मोडायचा, तोही जिथे तो ऐकायला हजर असायची शक्यता आहे अशा ठिकाणी, हे काही सोपं नाही. मी उंबराकडे पाहिलं आणि मनात म्हटलं, ओल्ड्रिच, तुला तोंड होतं तेव्हा तू बोलला नाहीस. आता तुझं पाखरूही बोलत नाही. मग मी बोलते, काय करायचं ते कर.

मी तिच्याजवळ जाऊन बसले. वाळू भाजत होती.

“आलेना, तुझ्या बापाने तो शेवट पाहिलेला आहे.”

ती माझ्याकडे वळली.

“इथेच, सांगलीत. दहा वर्षांपूर्वी. सिनेमा संपत आला तसा तो नेहमीप्रमाणे उठला. सगळं सभागृह आदराने उभं राहिलं, वकिलांनी तर डोळे टिपले. हा गेला बाहेर. मी ऑपरेटर इस्माईलभाईला चहा द्यायला मागच्या जिन्याने वर गेले, तर हा तिथे. इमारतीला वळसा घालून आला होता. इस्माईलभाईला बाजूला सारून, त्या भिंतीतल्या चौकोनी भोकाला डोळा लावून उभा. मला बघून म्हणाला, कुणाला सांगशील तर भूत होऊन येईन. मी शब्द दिला. आणि मग तू दार उघडलंस.”

“सगळं पाहिलं?”

“सगळं. हसलीस तेही. पुढची नावं येतात तीसुद्धा. पडदा पांढरा होईपर्यंत डोळा काढला नाही त्याने.”

“तो काही बोलला?”

मी सांगणार होते. पण तिने विचारलं आणि उत्तरासाठी थांबलीच नाही. दोन्ही हातांनी तोंड झाकून ती रडायला लागली. मोठ्याने, गळा काढून, आपल्या बायका रडतात तशी. गुरुजींनी समाधानाने मान हलवली. आतापर्यंत कुणी रडलं नव्हतं, तेवढीच त्यांना उणीव वाटत असावी.

“काय सांगितलंत तिला?” वकिलांनी मला हळूच विचारलं.

“बायकांचं आहे,” मी म्हटलं. एका क्षणात त्यांची पुस्तिका रद्दीत घालायची माझी हिंमत नव्हती.

आलेनाने नाक पुसलं, माझ्याच साडीला. मग उठून गुरुजींच्या ताटाशी गेली आणि तो दर्भाचा कावळा उचलला.

“अगं, खोटा आहे ना तो?” मी विचारलं.

“व्होयताने तरी दुसरं काय केलं होतं?” ती म्हणाली. “माणूस परत येत नव्हता. घरात लहान मुलगी वाट बघत होती. म्हणून त्याने गवताचा केला.”

तिने वाकून तो पिंडाला टेकवला.

“शिवला,” गुरुजींनी सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं. “आता आंघोळी करा.” फाटकांनी टाळी वाजवायला हात वर केले होते, सिनेमा संपला की वाजवायची सवय, ते मी खाली ओढले.

जेवायला घरी जाताना गावभागातल्या एका एसटीडी बूथपाशी तिने गाडी थांबवायला लावली. ओले केस, पुन्हा सुटत आलेली साडी, आणि ती त्या काचेच्या खोक्यात घुसली. मला हात धरून आत ओढलं. प्रागचा नंबर लागायला वेळ लागला. व्होयता ह्रुश्का तेव्हा ऐंशीच्या घरात होता आणि एका कानाने बहिरा. कुदर्नाच्या अंत्यविधीला स्मशानाच्या दारापर्यंत येऊन, आत न येता, परत गेला होता.

“बाबा,” आलेना ओरडून बोलली. बाहेरचा पानवालासुद्धा वळून बघायला लागला. “बाबा, ओल्दाने शेवट पाहिला होता. हो, आपला. दार उघडते तो. इथे, चोरून पाहिला.”

ती “हॅलो, हॅलो” करत राहिली. मला वाटलं लाइन तुटली. मग तिचा चेहरा बदलला. तिने रिसिव्हरवर तळवा ठेवला.

“विचारतायत,” ती मला म्हणाली, “त्याला आवडला का?”

मघाशी वाळूत जे ऐकायला ती थांबली नव्हती, तेच आता दोघंही मागत होती, एक इथे आणि एक तिथे.

“सांग त्यांना,” मी म्हटलं, “भिकार आहे म्हणाला. मीठ आणायला कुणाला एवढा वेळ लागतो का, म्हणाला. आणि मग सभागृह रिकामं होईपर्यंत थांबला, आणि इस्माईलभाईला म्हणाला, शेवटचं रीळ पुन्हा लाव.”